अकरा महिन्यांचे मास्तर

(पुण्यात तरुण कार्यकर्त्यांच्या बैठकीत केलेल्या भाषणाचा मजकूर)



विषय मास्तरांच्या नोकरीचा, कोर्टाचा, बढतीचा. मग वकील सोडून हा गोदीतला गडी कशाला उभा केला, असं काहींच्या तोंडावर दिसतंय. बरोबर आहे. मी ताडीवाला रोडचा. शिक्षण मॅट्रिक. मुंबईच्या गोदीत ठेकेदाराकडं माल उतरवतो. कविता लिहितो, पण कवितेवर भाकर मिळत नाही. भाकर मिळते ती हजेरीपटावर नाव असलं तर. म्हणून हजेरीपट म्हणजे काय, हे मला कुणी शिकवायची गरज नाही.

जुन्या गोदीत काय होतं? फाटकावर माणसं ताटकळत उभी. टोळीवाला येणार, बोट दाखवणार. बोट ज्याच्याकडं वळलं तो आत, बाकीचे उपाशी. मग ज्याला आत जायचंय तो टोळीवाल्याचं घर झाडतो, त्याला बाटली देतो, त्याच्यासमोर मान वर करत नाही. १९४८ साली गोदी कामगारांच्या नोकरीचा कायदा झाला. पुढं नोंदणी झाली, पाळीनं काम मिळायला लागलं, काम नसलं तरी हजेरीचे पैसे मिळायला लागले. माणसानं पहिल्यांदा मान वर केली. नंतर कंटेनर आले, ठेकेदार आले, आणि माझ्या वयाचा गडी पुन्हा फाटकावर उभा राहिला. बोट तेच, फक्त टोळीवाल्याच्या जागी एजन्सी.

आता शाळेत या. शाळेच्या फाटकावरही एक टोळीवाला उभा आहे. त्याला आपण संस्थाचालक म्हणतो. पेपरवाले शिक्षणमहर्षी म्हणतात.

मला मराठी शिकवणाऱ्या एक बाई होत्या. आपल्याच वस्तीतल्या. बी.ए., बी.एड. त्यांना दर जूनला नेमणुकीचा कागद मिळायचा आणि एप्रिलअखेर घरी बसवलं जायचं. मे महिना बिनपगारी. जूनमध्ये पुन्हा साहेबांच्या दारात. अशी अकरा वर्षं. अकरा वर्षांनी शाळेला एक जागा कायम करायची होती, तेव्हा ती साहेबांच्या घरातल्या माणसाला मिळाली. बाईंना सांगितलं, तुमची नेमणूक तात्पुरती होती, कागद वाचा. त्या संस्थेचं नाव मी घेत नाही. एकीचं नाव घेतलं की बाकीच्या सगळ्या सुटतात.

बाईंनी कागद वाचला होता. साहेबांना त्यांच्यापेक्षा चांगला वाचता येत होता, एवढंच. तो कागद आज आपण वाचू.

खाजगी शाळांतल्या कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्तींचा कायदा महाराष्ट्रानं १९७७ साली केला. तो १५ जुलै १९८१ पासून अमलात आला आणि त्याच वर्षी त्याचे नियम आले. त्याआधी मास्तर म्हणजे संस्थेच्या मर्जीचा नोकर होता. हा कायदा आला तो मास्तरांच्या संघटना रस्त्यावर आल्या म्हणून, कुणाच्या दयेनं आला नाही. कलम ५ सांगतं, कायम जागा रिकामी असेल तर ती रीतसर भरा, माणसाला दोन वर्षं प्रोबेशनवर घ्या, आणि ती दोन वर्षं नीट पार पडली की तो कायम झाला असं समजा. कागद मागायला जायची गरज नाही. कायदा स्वतःच म्हणतो, झाला कायम.

केवढी मोठी गोष्ट आहे ही! आणि ती मोडायला काय लागलं? अकरा महिने.

दोन वर्षांचा हक्क द्यायचा नसेल तर दोन वर्षं होऊच द्यायची नाहीत. नेमणुकीच्या कागदात प्रोबेशन शब्दच घालायचा नाही. 'निव्वळ तात्पुरती' लिहायचं, शेवटची तारीख घालायची. हिंदुस्तान एज्युकेशन सोसायटीच्या खटल्यात हेच झालं. रिकाम्या जागेवर शिक्षकाला अकरा महिन्यांसाठी घेतलेलं. उच्च न्यायालयानं त्याच्या बाजूनं निकाल दिला, पण १९९७ साली सर्वोच्च न्यायालयानं तो फिरवला. नेमणूक मुदतीची होती, प्रोबेशनवर नव्हती, म्हणून कायम समजता येणार नाही, असं म्हटलं. त्या दिवसापासून महाराष्ट्रातल्या प्रत्येक संस्थाचालकाच्या कपाटात अकरा महिन्यांचा छापील नमुना आहे.

ध्यानात घ्या, कोर्ट तुमच्या घामाकडं नंतर बघतं. आधी बघतं तुम्ही आत कसे आलात. जाहिरात होती का? जागा मंजूर होती का? निवड रीतसर झाली का? कागदावर शब्द काय आहे? अकरा वर्षं खडू उगाळला हे ऐकायला कोर्टाला फार वेळ नसतो. म्हणजे लढाई निवृत्तीच्या तोंडावर करायची नसते. ती पहिल्या कागदाच्या दिवशी करायची असते. आपला माणूस त्या दिवशी नोकरी मिळाली म्हणून पेढे वाटत असतो.

आता दुसरा डाव. हा खास आपल्यासाठी आहे.

१९८१ च्या नियमांत मागासवर्गीयांसाठी जागा राखीव आहेत. अनुसूचित जाती आणि बौद्ध १३ टक्के, अनुसूचित जमाती ७ टक्के, भटके-विमुक्तांचाही वाटा आहे. नियम ९ मध्ये पुढं एक दार उघडं ठेवलंय. राखीव जागेला त्या प्रवर्गाचा माणूस मिळाला नाही, दुसऱ्याही मागास प्रवर्गाचा मिळाला नाही, तर ती जागा बिगरमागास माणसाकडून तात्पुरती, वर्षावर्षाच्या बोलीवर भरता येते. पोरांचं नुकसान होऊ नये म्हणून हे दार. पण त्या दारातून कोण आत येतं? भाचा येतो, सून येते, मेव्हणा येतो. जाहिरात अशा पेपरात द्यायची की जो आपल्या वस्तीत येतच नाही. मुलाखत अशा दिवशी ठेवायची की पत्र पोचेपर्यंत ती उरकलेली असते. मग शेरा मारायचा: उमेदवार उपलब्ध नाही.

उपलब्ध नाही! ह्या पुण्यात डी.एड., बी.एड. झालेली आपली पोरं रात्री सोसायटीच्या फाटकावर वॉचमनची खुर्ची टाकून बसलीत, आणि उमेदवार उपलब्ध नाही.

वर्षावर्षाच्या बोलीवर बसवलेला तो भाचा पाच-सात वर्षांनी कोर्टात जातो, म्हणतो मला कायम करा. कायद्याप्रमाणं राखीव जागेवरची अशी नेमणूक कायम होत नाही. पण खटला चालेपर्यंत जागा अडलेली. म्हणजे आपली बाई खुल्या जागेवर तात्पुरती आणि खुला माणूस आपल्या जागेवर तात्पुरता. दोघंही साहेबांच्या दोरीवर. त्याची दोरी रेशमाची, आपली काथ्याची, एवढाच फरक.

सरकारनंही टोळीवाल्याकडून शिकून घेतलं. २००० साली शिक्षण सेवक आणले. नाव सेवक, काम पूर्ण मास्तराचं, आणि तीन वर्षं मानधनावर. कित्येक वर्षं ते मानधन ६, ८ आणि ९ हजारांवर अडकून होतं. २०२३ पासून १६, १८ आणि २० हजार झालं. मे २०१२ मध्ये सरकारनं शिक्षकभरतीच थांबवली. त्यानंतर ज्या संस्थांनी माणसं घेतली, त्यांच्या मान्यता शिक्षणाधिकाऱ्यांनी अडवल्या. नेमणूक आहे, मान्यता नाही. वर्गात मास्तर, पगारपत्रकात भूत. ह्याबाबत एक गोष्ट पाठ करून ठेवा. सेंट उलाई हायस्कूलच्या खटल्यात मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठानं सांगितलंय की शिक्षणाधिकाऱ्याची मान्यता नाही, एवढ्या एका कारणानं नेमणूक बेकायदा ठरत नाही. शाळेतला क्लार्क तुम्हाला हे सांगणार नाही.

आता बढतीकडं येऊ.

बढती म्हणजे दोन-चार हजार रुपये जास्त, असं समजू नका. मुख्याध्यापकाच्या खुर्चीवरून काय काय होतं? पोराचा दाखला तिथून निघतो, दाखल्यावरची जात तिथं लिहिली जाते. शिष्यवृत्तीचे फॉर्म तिथून जातात किंवा टेबलाच्या खणात कुजतात. बिंदुनामावली, म्हणजे रोस्टर, तिथंच तयार होते. कुणाचा गोपनीय अहवाल कसा लिहायचा ते तिथं ठरतं. चौदा एप्रिलला शाळेत फोटो लागणार का, हेही तिथंच ठरतं. ती खुर्ची म्हणजे गावकीच आहे, फक्त तिला चाकं लावलीत.

नियमांत ह्या खुर्चीलाही आरक्षण आहे. मुख्याध्यापक आणि सहायक मुख्याध्यापक यांच्या पदांत २४ टक्के. मग पेठांतल्या शंभर वर्षांच्या शाळांच्या भिंतीवर मुख्याध्यापकांच्या नावांचा फळा वाचा. आपलं नाव शोधायला भिंग लागेल. एक कारण तुम्हाला माहीत आहे, जात. दुसरं कारण कायद्याच्या भाषेत आहे. एकच पद असेल तर ते राखीव ठेवता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठानं १९९८ साली चंदीगडच्या वैद्यकीय संस्थेच्या खटल्यात ठरवलं. एका संस्थेची एक शाळा, एका शाळेत एक मुख्याध्यापक. एकाचे २४ टक्के काढून दाखवा!

सरकारी, जिल्हा परिषदेच्या, महापालिकेच्या नोकरीत काय झालं? १९९२ साली मंडल खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं बढतीतलं आरक्षण नाकारलं. १९९५ साली घटनादुरुस्ती करून संसदेनं ते परत आणलं. २००६ साली नागराज खटल्यात कोर्टानं अटी घातल्या: आकडे आणा, मागासलेपण दाखवा, प्रतिनिधित्व कमी आहे ते सिद्ध करा. मागासलेपण पुन्हा सिद्ध करायची अट २०१८ साली काढली, आकड्यांची राहिली. महाराष्ट्रानं २५ मे २००४ च्या निर्णयानं बढतीत ३३ टक्के आरक्षण दिलेलं. तो निर्णय मुंबई उच्च न्यायालयानं ऑगस्ट २०१७ मध्ये रद्द केला. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं, आणि ७ मे २०२१ ला राज्य सरकारनं आदेश काढला की बढतीच्या राखीव जागाही सेवाज्येष्ठतेनं भरा. आता मला सांगा, आकडे कुणाकडं आहेत? सरकारकडं. कोणत्या ऑफिसात कोणत्या जातीचे किती साहेब, हे सरकारच्या कपाटात आहे. ते आकडे कोर्टापुढं नीट मांडायचं काम सरकारचं. सरकार मांडत नाही, आणि शिक्षा आपल्या केंद्रप्रमुखाला, आपल्या मुख्याध्यापिकेला.

आणि ताजी गोष्ट, १ सप्टेंबर २०२५ ची. महाराष्ट्र आणि तामिळनाडूतून गेलेल्या प्रकरणांत सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की पहिली ते आठवीच्या शिक्षकांना टीईटी पास व्हावीच लागेल, जुन्या नोकरीवाल्यांनासुद्धा. पाच वर्षांहून जास्त नोकरी उरली असेल तर दोन वर्षांत पास व्हा, नाहीतर घरी जा. पाचहून कमी उरली असेल तर राहा, पण टीईटीशिवाय बढती नाही. आपण परीक्षेला भिणारी माणसं नाही. ज्याचा बाप कोलंबियातून डॉक्टर होऊन आला तो १५० मार्कांच्या पेपरला कशाला भिईल? पण वीस वर्षांपूर्वी सरकारनं लावलेल्या सगळ्या अटी पुऱ्या करून जो आत आला, त्याला आज म्हणायचं तू पात्र नाहीस, हा कुठला न्याय? आणि परीक्षा घेणारी परिषद कुठली? ह्याच पुण्यातली. २०१९ च्या टीईटीत पैसे घेऊन नापासांचे पास केले. डिसेंबर २०२१ मध्ये पुणे पोलिसांनी परिषदेच्या त्या वेळच्या आयुक्तालाच अटक केली. पुढं सात हजारांवर उमेदवारांची पात्रता रद्द झाली. गुणवत्तेच्या नावानं आपल्याला टोमणे मारणाऱ्यांनी गुणवत्तेचा भाव आधी तिथं विचारावा.

कुणी म्हणेल, कायम नोकरीचं एवढं काय? बिनपगारी मे महिना काढला की जून येतोच.

इथं पुण्याचा इतिहास आठवा. १८४८ साली भिडेवाड्यात फुले पतीपत्नींनी मुलींची शाळा काढली. १८८२ साली हंटर कमिशनपुढं जोतीरावांनी निवेदन दिलं. त्यात त्यांनी नुसत्या शाळा मागितल्या नाहीत. मास्तर कोण असावा, ते मागितलं. प्राथमिक शाळांतले मास्तर बहुतेक ब्राह्मण आहेत, ते शेतकरी जातींतून तयार करा, त्यांना शिकवून तयार करा, आणि पगार निदान १२ रुपये द्या, म्हणाले. फळ्यासमोर उभा असलेला माणूस कुणाचा मिंधा आहे, ह्यावर फळ्यावर काय लिहिलं जाणार ते ठरतं, हे त्यांना कळलेलं होतं. १९३२ साली येरवड्याच्या तुरुंगात जो करार झाला, त्यातही सरकारी नोकऱ्यांत अस्पृश्यांना योग्य प्रतिनिधित्व आणि शिक्षणासाठी वेगळी रक्कम असा मजकूर आहे. मतदारसंघावर आपण रात्ररात्र भांडतो. त्या कलमांची वसुली कुणी करायची? आणि भिडेवाड्याचं काय झालं? देशातल्या त्या शाळेचं स्मारक करायला महापालिकेला वर्षानुवर्षं कोर्टात काढावी लागली. २०२३ च्या शेवटी निकाल लागला, तोवर वाडा पडायला आलेला. डिसेंबरात तो पाडला. जिथं शाळेच्या भिंतींना न्याय मिळायला एवढी वर्षं लागतात, तिथं मास्तराची काय कथा?

वर्षावर्षाच्या बोलीवरचा मास्तर वर्गात काय बोलणार? पुस्तकात मनुस्मृतीदहनाचा धडा आला तर तो पान उलटतो. पोराला जातीवरून शिवी दिली तर तो खिडकीबाहेर बघतो. तो भित्रा नाही. त्याच्या घरात दोन लेकरं आहेत आणि एप्रिल जवळ आलाय. त्याला भित्रं बनवणारा तो कागद आहे. म्हणून मास्तर कायम होणं हा फक्त मास्तराचा प्रश्न नाही. आपल्या पोरांच्या कानावर काय पडणार, त्याचा प्रश्न आहे.

मग करायचं काय? मोर्चा काढू, ते आहेच. पण आणखी काही कामं आहेत, त्यात घोषणा नाहीत म्हणून ती कुणाला आवडत नाहीत.

एक, कागद. नेमणुकीचा आदेश, रुजू झाल्याचा अहवाल, हजेरीपटाच्या नकला, पगाराच्या नोंदी. सगळ्याच्या दोन प्रती, एक घरात, एक दुसऱ्याच्या घरात.

दोन, ज्येष्ठता यादी. नियम १२ प्रमाणं संस्थेनं ती तयार करून दाखवायची असते. नाव खाली ढकललं असेल तर सही करताना हरकत लेखी नोंदवा. चहा पाजतात म्हणून गुपचूप सही करू नका. बढतीच्या वेळी तीच सही तुमच्या तोंडावर मारतात.

तीन, तीस दिवस. नोकरीवरून काढलं, पदावरून खाली आणलं किंवा तुम्हाला डावलून दुसऱ्याला बढती दिली, तर कलम ९ खाली शाळा न्यायाधिकरणात अपील करता येतं. पुण्यातही ते आहे. मुदत तीस दिवसांची. आपला माणूस पहिले वीस दिवस आमदाराच्या बंगल्यावर घालवतो. उरलेले दहा रडण्यात जातात.

चार, रोस्टर. विभागीय आयुक्तांच्या मागासवर्ग कक्षाकडून ते तपासून घ्यावं लागतं. माहितीच्या अधिकारात मागा. वस्तीजवळच्या दहा शाळांचं मागा. किती जागा राखीव, किती भरल्या, किती वर्षावर्षाच्या बोलीवर, आणि त्यावर कोण बसलंय, हे भिंतीवर लावा. आपलं नियतकालिकही ते छापू शकतं. कविता एखादं पान कमी छापा, माझीच काढा.

पाच, सोबत. कायदा सांगतो, अपिलाचा निकाल तीन महिन्यांत द्यायचा प्रयत्न करा. औरंगाबादच्या एका शिक्षिकेला २००७ साली काढून टाकलं. २००९ साली न्यायाधिकरणानं तिला पूर्ण मागील पगारासह परत घ्यायला सांगितलं. उच्च न्यायालयानं तो पगार कापला. ती सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेली आणि २०१३ साली पूर्ण पगार मिळवला. तीन महिन्यांची सहा वर्षं झाली. पण तिच्या निकालावर आज देशभरातले कामगार उभे आहेत. बेकायदा काढलं असेल तर मागचा पगार हा नियम, आणि कामगार दुसरीकडं कमावत होता हे मालकानं सिद्ध करायचं, असं त्यात आहे. सहा वर्षं तारखेला एकटीनं जायचं म्हणजे काय, याचा विचार करा. पुढाऱ्याच्या वाढदिवसाला चारशे जण जमतात. बाईच्या तारखेला चारजण तरी जमले पाहिजेत.

शेवटचं. २००६ साली उमादेवी खटल्यात पाच न्यायमूर्तींनी म्हटलं, मागच्या दारानं आलेल्या तात्पुरत्यांना कायम होण्याचा हक्क नाही. मागचं दार कुणी उघडं ठेवलं होतं, ते विचारलं नाही. अठरा वर्षं हा निकाल गरिबाच्या डोक्यात घातला गेला. मग २० डिसेंबर २०२४ ला केंद्रीय जल आयोगातल्या सफाई करणाऱ्या बायका आणि एक माळी जिंकले. वर्षानुवर्षं राबवून घ्यायचं आणि उमादेवीचं नाव सांगून हाकलायचं, हे चालणार नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं म्हटलं. त्या दोन न्यायमूर्तींपैकी एक होते प्रसन्न वराळे. बी.ए., बी.एड. वाल्या मास्तरांनी आता आपल्या अर्जात तोच निकाल जोडायचाय. झाडूवाल्या बाईनं उघडलेल्या दारातून मास्तर आत जाणार आहे. तिला नमस्कार करून जा, आणि आत गेल्यावर दार धरून ठेवा. मागं अजून रांग आहे.

उद्या सकाळी कामाला लागा. पहिला अर्ज रोस्टरचा.

जय भीम.